मान हलवणारी खुर्ची

युद्ध झाले तर माझ्या मालकाला चारशे डोकी मिळणार होती.

मित्रांनो, दचकू नका. डोकी म्हणजे केस कापायची डोकी. माझा मालक सलून चालवतो. गावात सैन्याची छावणी पडली की चारशे जवान येणार आणि पहिल्याच दिवशी प्रत्येकाचे डोके सफाचट करायचे, असा सैन्याचा नियम. एरवी एवढी डोकी जमायला त्याला चार महिने लागत. शिवाय ही डोकी ‘मागून जरा कमी करा, कानावर राहू द्या’ असे म्हणणारी नव्हती. एका बाजूने मशीन घालायचे, दुसऱ्या बाजूने काढायचे. युद्धाची बातमी आली त्याच दुपारी मालकाने माझ्या हातावर बोटे वाजवत हा हिशेब केला. त्यात एक डोके धरायचे राहून गेले. ते कुणाचे, हे तुम्हाला कळावे म्हणून ही माझी कहाणी.

मी एक जुनी खुर्ची आहे, सलूनमधली. माझा पाय ओतीव लोखंडाचा, एकच आणि भक्कम. बैठक चामड्याची, आत घोड्याचे केस भरलेले. उशाला डोके टेकायला छोटी गादी आहे आणि उजव्या बाजूला एक हँडल. ते ओढले की माझी पाठ मागे झुकते, पुन्हा ओढले की सरळ होते. ज्या कारागिराने मला जोडले, त्याने शेवटी माझ्या पाठीत एक पोलादी पिन बसवली आणि म्हणाला, “हिला शंभर वर्षं काही होत नाही. फक्त ही पिन सांभाळा. पिन गेली तर ही खुर्ची माणसाचं ऐकणार नाही.”

मला विकत घेतले ते आताच्या मालकाच्या वडिलांनी. ते दर सोमवारी, सुट्टीच्या दिवशी, मला तेल देत. माझे लोखंड इतके चमके की लोक आरसा सोडून माझ्यात तोंड बघत. मी वीस वर्षे अशी सुखात काढली. म्हातारबांचा धंद्याचा एकच नियम होता, तोच त्यांनी थोरल्या मुलाला, म्हणजे माझ्या आताच्या मालकाला शिकवला: “गिऱ्हाईक खुर्चीत बसलंय तोवर त्याचंच बरोबर. वस्तरा गळ्यावर असताना वाद घालू नये. तो घाबरतो आणि तुझा हात हलतो.”

थोरल्याने हा नियम असा उचलला की काही विचारू नका. डाव्या विचाराचा आला की हा डावा, उजव्याचा आला की उजवा. सासूला शिव्या देणाऱ्याला म्हणे, “खरंय, सासवा तशाच.” दहा मिनिटांनी त्याच सासूचा मुलगा येऊन बसे, त्यालाही म्हणे, “खरंय, जावई तसलेच.”

म्हातारबा गेले तेव्हा त्यांचा धाकटा मुलगा सात वर्षांचा होता. थोरल्याचे नुकतेच लग्न झाले होते. वहिनी घरात आली ती एका हाताने संसाराला लागली आणि दुसऱ्या हाताने या दिराला वाढवायला. त्याचे जेवण, शाळा, ताप, हट्ट, सगळे तिने काढले. पुढे तो सलूनमध्ये आला. त्याचा हात असा हलका की गिऱ्हाईक झोपून जाई आणि उठवल्यावर विचारी, “सुरुवात कधी करणार?” मालकाने त्याला शेजारची साधी लाकडी खुर्ची दिली. मी मालकाची. मोठ्या खुर्चीचा मान मोठ्याला, एवढे तुम्हालाही कळत असेल.

आणि मग माझी पिन तुटली.

मालकाने तिच्या जागी एक खिळा ठोकला. खिळा वाकला. त्यामुळे झाले काय, की पाठ सरळ करायला हँडल ओढले की मी अलगद न उठता दणका देऊन उठू लागले. गिऱ्हाइकाची हनुवटी छातीवर जाऊन आदळायची आणि मान परत वर यायची. अगदी माणूस ‘हो’ म्हणतो तशी.

“दादा, पिन घालून घेऊ या. शहरात मिळते,” धाकटा म्हणायचा.

“बघू सोमवारी.”

सोमवार बरेच आले. तेल देणेही केव्हाच बंद झाले होते. मी मनातल्या मनात गंजत होते.

अशात सरकारने जाहीर केले की सीमेपलीकडच्या देशाशी युद्ध करायचे. दहा दिवसांनी मोठ्या सभागृहात त्यावर मतदान होणार होते. त्या दहा दिवसांत गाव नुसते बोलत होते. सख्खे भाऊ बोलेनासे झाले आणि जन्मात न बोललेले शेजारी कुंपणावरून तासन्‌तास बोलू लागले. नगरमंदिरात सभा झाली. तिसऱ्या वक्त्यापर्यंत शब्द फेकले गेले, पुढे बाक.

आमच्या भागाचे लोकप्रतिनिधी, ज्यांना सगळे साहेब म्हणत, ते दर शनिवारी माझ्यावर बसून दाढी करून घेत. हुशार माणूस. त्यांच्या एका खिशात युद्धाच्या बाजूचे भाषण होते आणि दुसऱ्या खिशात विरोधाचे, आणि कोट उलटा घालायचीही तयारी होती.

ते म्हणाले, “मालक, सभेत लोक भाषण करतात. खरं बोलतात ते तुमच्याकडे. एक काम करा. आठवडाभर प्रत्येक गिऱ्हाइकाला विचारा, युद्ध हवं की नको. आरशावर साबणाने रेघा मारा. उजवीकडे हो, डावीकडे नाही. पुढच्या शनिवारी मी येऊन मोजीन. जसा आरसा, तसं माझं मत.”

मालकाने गळ्यावरचा वस्तरा उचलून अदबीने विचारले, “साहेब, युद्ध झालंच तर छावणी आपल्याच गावात ना?”

“शाळेची जागा बघून ठेवलीय.”

“आणि जवानांची डोकी?”

साहेब हसले. “तुमच्याशिवाय आहे कोण?”

“आणि... सलूनला सूट असेल ना? भरतीतून?”

“छावणीचं काम करणाऱ्या दुकानाला सूट आहेच. नियमच आहे.”

मालकाच्या डोक्यावरचे ओझे उतरले. तो अडतीस वर्षांचा, धाकटा बावीसचा, आणि भरती वीस ते चाळीसची. दुकानाला सूट म्हणजे दोघांना सूट, असे तो धरून चालला. साहेबांनी दुरुस्त केले नाही. साहेबांना दुकानातली माणसे मोजायला कुणी सांगितले नव्हते.

मित्रांनो, आता माझा गुन्हा ऐका.

पहिल्या दिवशी पोस्टमन माझ्यावर आडवा होता. तोंडभर फेस. मालकाने सहज विचारले, “काय, युद्ध हवं की नको?” पोस्टमनला बोलता येईना. तेवढ्यात मालकाने त्याला उठवायला हँडल ओढले. मी दणका दिला, पोस्टमनची मान हलली. मालकाने उजवीकडे एक रेघ मारली. खरे सांगते, ती पहिली रेघ त्याने प्रामाणिकपणे मारली होती.

दुसरी मारताना त्याचा हात क्षणभर थांबला. तिसरी मारताना थांबला नाही.

मग त्याची पद्धतच ठरली. फेस अगदी नाकापर्यंत लावायचा. वस्तरा गळ्याजवळ न्यायचा. प्रश्न विचारायचा. वर म्हणायचे, “बोलू नका हं, लागेल. पटत असेल तर नुसती मान हलवा.” वस्तरा बाजूला घ्यायचा आणि हँडल ओढायचे. गावातली अर्धी मते मी अशी घेतली. सरकारलासुद्धा एवढे जमत नाही.

काहीजण मात्र तोंडाने बोलले. बेकरीवाला फेस लावायच्या आधीच सुरू झाला. “हवंच! सहा आठवड्यांत त्यांचं पीठ मळून ठेवू. पोरांना जरा शिस्त लागेल.” त्याचे वय पंचावन्न होते आणि छावणीला रोज आठशे पाव लागणार होते. दुसऱ्याच्या हाताने साप मारायचा असला की सगळेच शूर असतात. असे स्वतःच्या तोंडाने ‘हो’ म्हणणारे माझ्यावर चौदाजण बसले. मी त्यांची वजने ओळखते. चौदाही पन्नाशीपुढचे होते.

शेजारच्या लाकडी खुर्चीला पाठ झुकवायची सोयच नव्हती. धाकटा आधी दाढी पुसायचा, तुरटी फिरवायचा, मग विचारायचा आणि उत्तराची वाट बघायचा. तिथे डाव्या बाजूच्या रेघा वाढत होत्या.

गुरुवारी मास्तर आले. गावातल्या निम्म्या लोकांचे कान त्यांनी पिळले होते. मालकाने प्रश्न विचारताच त्यांनी अंगावरच्या कापडाखालून एक बोट वर केले, वर्गात करायचे तसेच.

“हलू नका मास्तर, लागेल,” म्हणत मालकाने हँडल ओढले. मान हलली. उजवीकडे रेघ.

मास्तरांनी टॉवेलने तोंड पुसले. “अरे गाढवा, मी ‘नाही’ म्हणणार होतो!”

“मास्तर, तोंड धुतल्यावर मत बदलायचं नसतं.”

दुकानात हशा पिकला. मास्तरही ओशाळून हसले. नापास झालेले मूल हसते तसे. रेघ राहिली.

धाकटा हसला नाही. दुपारी गिऱ्हाईक नव्हते तेव्हा तो म्हणाला, “दादा, मास्तर ‘हो’ म्हणाले नाहीत. खुर्ची ‘हो’ म्हणाली.”

“मान हलली ना?”

“खिळ्याने हलली.”

“हे बघ, आरशावर मानेची रेघ आहे. मान कशाने हलली त्याचा रकाना नाहीये.”

वहिनी डबा घेऊन आली होती. तिने आरशाकडे पाहिले, मग माझ्याकडे. “युद्ध झालं तर याला नेतील का हो?” तिने नवऱ्याला विचारले.

“सूट आहे. साहेबांचा शब्द आहे.”

“लेखी?”

“तू डबा उघड.”

धाकटा म्हणाला, “मी सोमवारी पिन आणतो.” मालकाने एवढेच उत्तर दिले, “शनिवारनंतर आण.”

शनिवारी साहेबांनी मोजणी केली. माझ्यावर बसलेले पासष्ट. त्यातले बासष्ट ‘हो’, तीन ‘नाही’. ते तिघे दाढीवाले होते, फक्त केस कापायला आलेले, म्हणून वाचले. लाकडी खुर्चीवर सदतीस. अकरा ‘हो’, सव्वीस ‘नाही’. एकूण एकशे दोन माणसांत त्र्याहत्तर ‘हो’.

“यात खोट नाही ना, मालक?”

“साहेब, एकेक मान मी माझ्या डोळ्यांनी पाहिलीय.”

साहेबांनी माझ्यावरच बसून एका खिशातले भाषण काढले, त्यात ‘त्र्याहत्तर’ हा आकडा घातला, आणि दुसऱ्या खिशातल्या कागदाने वस्तऱ्याचा फेस पुसून तो कागद मालकाच्या हातात दिला.

आता गंमत बघा. सभागृहात युद्धाचा ठराव नव्वद मतांच्या फरकाने मंजूर झाला. साहेबांचे मत इकडे पडले असते काय आणि तिकडे पडले असते काय, काडीचा फरक पडला नसता. म्हणजे माझ्या दणक्यांनी युद्ध झाले नाही. हे कळल्यावर मला क्षणभर बरे वाटले.

पण साहेबांचे भाषण गाजले. “आमच्या गावात साध्या सलूनमध्ये विचारलं, तर शंभरात सत्तरांनी मान हलवली!” वर्तमानपत्रांत आरशाचा फोटो आला. आठवड्यात वरून पत्र आले. ज्या गावाचा उत्साह सर्वांत मोठा, त्या गावाला पहिल्या तुकडीचा मान. इतर गावांतून दहा-बारा माणसे जायची होती. आमच्या गावातून शहाऐंशी.

यादीत सलूनमधले दोघेही होते. सोबत सूट मागायचा अर्ज होता. मालकाने तो माझ्या हातावर ठेवला आणि वाचताना त्याची बोटे वाजायची थांबली. ‘सूट: प्रत्येक दुकानामागे एक व्यक्ती.’ पुढे नावासाठी एकच रिकामी जागा.

वहिनी दारातच उभी होती. “त्याचं नाव लिहा.”

“आणि मी जाऊ?”

“तो बावीस वर्षांचा आहे.”

“छावणीचं काम माझ्या नावावर आहे. चारशे डोकी कोण करणार? अगं, सगळेच म्हणतात, सहा आठवड्यांत संपतंय.”

वहिनी म्हणाली, “सहा आठवड्यांचंच आहे, तर तुम्ही जा.”

मालकाने बराच वेळ पेन झटकले. पेनात शाई होती. मग त्याने नाव लिहिले. अक्षर सुरेख, वळणदार. स्वतःचे नाव माणूस नेहमीच छान लिहितो.

मास्तरांच्या शाळेतले बाक अंगणात रचले गेले आणि वर्गांत जवान राहू लागले. आसपासच्या गावांतले आले, आमचे शहाऐंशीही आले. ते ओळीने सलूनमध्ये येत, मालक मशीन फिरवी आणि साहेबांच्या रेघा पुसून आता डोक्यांच्या रेघा मारी. ज्यांचे जावळ म्हातारबांनी... नाही, ते राहू द्या. एवढेच सांगते की त्यातल्या कितीतरी डोक्यांचे पहिले केस माझ्यावरच, फळीवर बसवून कापले होते.

तिसऱ्या दिवशी धाकटा ओळीतून आला. रांगेत उभा राहिला, भाऊ म्हणून पुढे घुसला नाही. आयुष्यात पहिल्यांदा तो माझ्यावर बसला. हलका होता.

मालक म्हणाला, “मी जरा लांब ठेवतो. तुला शोभतात.”

“नियम आहे, दादा. सगळे काढ.”

केस माझ्या पायाशी पडले. वहिनी आली नव्हती. मालकाने मान पुसली, पावडर लावली आणि सवयीने हँडल ओढले. मी थांबायचा प्रयत्न केला, मित्रांनो. लोखंडाला जेवढा करता येतो तेवढा केला. पण खिळा निसटला आणि धाकट्याची हनुवटी छातीवर आदळली.

तो आरशात भावाकडे बघून हसला. “बघ, मीसुद्धा ‘हो’ म्हटलं.”

मालकाने त्याच्या खांद्यावरचे केस झटकले.

धाकटा उठला, टोपी घातली. दारात वळून म्हणाला, “दादा, माझी रेघ मारायची राहिली.”

तो गेल्यावर मालकाने माझ्या पायाशी पडलेले केस झाडून एका बाजूला केले. मग पुढचा जवान आत आला. मालकाने साबण उचलला आणि दोन रेघा मारल्या.

सहा आठवड्यांचे युद्ध अडीच वर्षे चालले. पहिली तुकडी गेल्यावर सैन्याने पगारी न्हावी नेमला, त्यामुळे मालकाला चारशेच डोकी मिळाली. त्यांच्या पैशातून त्याने एक नवी खुर्ची आणली, निळी, पायाने दाबली की वर जाणारी. मला मागच्या परसात ठेवले. पावसाने चामडे फाटले, घोड्याचे केस पाखरांनी घरट्यांना नेले. भिंतीला एक खिडकी होती, त्यातून मला दुकानातले बोलणे ऐकू येई.

युद्ध संपले तेव्हा ऐकण्यासारखे होते. गावात युद्धाच्या बाजूचा एकही माणूस सापडेना.

बेकरीवाला म्हणाला, “मी तर पहिल्या दिवसापासून सांगत होतो, हे सहा आठवड्यांचं काम नव्हे.”

“खरंय,” मालक म्हणाला.

साहेब आता मंत्री होते. निळ्या खुर्चीवर रेलून म्हणाले, “माझा मनातून विरोधच होता, मालक. पण लोकांनी माना हलवल्या. लोकांपुढे आपण कोण?”

“खरंय साहेब.”

त्याच आठवड्यात धाकटा परत आला. उजवा हात मनगटापासून नव्हता. ज्या हाताखाली माणसे झोपून जात, तो हात तिकडेच राहिला. मालक धावत पुढे आला. “बस रे, बस या नव्या खुर्चीवर. दाढी केवढी वाढलीय. मी करतो.”

धाकटा त्याच्या बाजूने निघून मागच्या परसात आला आणि माझ्यावर बसला. फाटक्या चामड्यावर, पाखरांच्या घाणीसकट.

तेव्हापासून रोज सकाळी वहिनी गरम पाण्याची वाटी आणि सासऱ्यांचा वस्तरा घेऊन परसात येते. तिने आयुष्यात वस्तरा धरला नव्हता. पहिल्या आठवड्यात तिने त्याला चार ठिकाणी कापले. तो हूं की चूं करत नाही. तिने विचारले, “दुखतंय का रे?” तर तो मान हलवत नाही, हसतही नाही. पूर्ण फेस पुसून होईपर्यंत थांबतो आणि तोंडाने सांगतो, “नाही, वहिनी.” ती नवऱ्याशी बोलते ते फक्त कामापुरते. मालक खिडकीत येऊन उभा राहतो आणि ब्रश धुतो. एक ब्रश धुवायला पाव तास.

एका सोमवारी धाकट्याने शहरातून पिन आणली. डाव्या हाताने खिळा उपटायला त्याला सबंध दुपार लागली. दातांत पक्कड धरून त्याने पिन बसवली, तेल दिले. आता मी अलगद उठते. कुणाचीही मान हलत नाही. पण आता मला कुणी काही विचारतही नाही.

मित्रांनो, तुमच्या घरी, शाळेत, दुकानात माझ्यासारख्या जुन्या वस्तू असतील. त्यांना वेळेवर तेल द्या, त्यांचा खिळा सोमवारवर ढकलू नका. आणि तुमच्या मानेत एक पिन आहे, तिच्या जागी दुसऱ्या कुणाला खिळा ठोकू देऊ नका. एवढीच माझी विनंती. बाकी हिशेब असा:

साहेबांना मंत्रिपद मिळाले. बेकरीवाल्याने दुसरी भट्टी घातली. मालकाला चारशे डोकी मिळाली, एकेकदाच. तोंडाने ‘हो’ म्हटलेल्या चौदाजणांच्या घरांतून दोघे गेले, दोघेही कोठारात कारकून होते आणि वजन वाढवून आले. मास्तरांना शाळा परत मिळाली, अंगणातले बाक कुजलेले. पहिल्या तुकडीतले शहाऐंशी. त्यांतले एकतीस धड आले, बावीस मोडून आले, तेहेतीस आले नाहीत. त्या तेहेतीसजणांनी अजून चाळीस वर्षे तरी महिन्यातून दोनदा केस कापायला यायचे होते. मालकाने हा गुणाकार केलेला नाही. मी केला आहे.

मोडून आलेल्या बावीसांतला एक सध्या माझ्यावर बसला आहे. वहिनीने वाटी खाली ठेवली. आज कुठेही कापले नाही.